कोठावळ्याला विचारा : डीएलएल फाइली आणि विंडोजचे ऐच्छिक भाग

गेले काही दिवस एकच प्रश्न वेगवेगळ्या रूपात येतोय. कुणी नागपूरहून लिहितं, कुणी बेळगावहून, कुणी इंदूरहून. "साहेब, प्रोग्राम उघडला की अमुक डीएलएल सापडत नाही असा निरोप येतो. इंटरनेटवर ती फाईल फुकट मिळते. उतरवून टाकू का?"

उत्तर आधीच सांगतो : नका टाकू. पण फौजेतून निवृत्त झालेला माणूस नुसता हुकूम देऊन थांबला, तर तुम्ही आज ऐकाल आणि उद्या विसराल. म्हणून कारण सांगायला बसलोय. हे कारण मी पुस्तकातून शिकलो नाही. माझ्या हातून चूक झाली, तिच्यातून शिकलो.

गोष्ट २००३ सालची. माझी नेमणूक तेव्हा कोलकात्याला, फोर्ट विल्यममध्ये होती. हे लष्कराच्या पूर्व कमांडचं मुख्यालय. क्वार्टर किल्ल्याच्या आतच. घरी मी हौसेनं एक संगणक घेतला होता, त्यावर विंडोज एक्सपी. हा संगणक घरचा, कचेरीचा नव्हे. आसपासच्या चार घरांत संगणकाचा जाणकार म्हणून माझं नाव होतं आणि ते मला आवडायचंही.

एका रविवारी पुण्याला शिकणाऱ्या पुतण्याच्या पत्त्यावरून ईमेल आली. उघडली तर विषयाच्या जागी चौकोन, आत मजकुराच्या जागी ओळीच्या ओळी चौकोन. त्या काळात ईमेलमधून व्हायरस पसरण्याच्या बातम्या रोजच्या होत्या. मी ती बाजूला ठेवली. बुधवारी त्याचीच दुसरी ईमेल आली, रोमन अक्षरांत, एका ओळीची : काका, आजोबांचं पत्र वाचलंत का?

वडील तेव्हा वाईला असायचे. आयुष्यात कधी कीबोर्डला हात न लावलेला माणूस. सुट्टीत घरी गेलेल्या नातवाला त्यांनी पत्र सांगितलं होतं आणि त्यानं ते मराठीत टाइप करून पाठवलं होतं. आता खरं तर पुतण्याला फोन करून विचारायचं, एवढंच काम होतं. पण जाणकार म्हणवणाऱ्या काकानं पुतण्याला कसं विचारायचं? मी बाजारात गेलो. एका दुकानात मुलगा म्हणाला, मराठी दिसत नाही म्हणजे यूएसपी१० नावाची डीएलएल बिघडलीय. त्यानं ती एका सीडीवर घालून दिली. घरी येऊन मी ती सिस्टीम३२ या फोल्डरमध्ये जुन्या फाईलवर टाकली. संगणकानं तक्रार केली नाही. काही क्षणांनी पाहतो तर फाईलची तारीख पुन्हा जुनीच. पुन्हा टाकली, पुन्हा जुनी. असं मी चार वेळा केलं.

माझी फाईल कोण काढून टाकत होतं? ते कळण्यासाठी आधी डीएलएल म्हणजे काय ते पाहू.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. पलटणीत दर जवानाची वेगळी चूल नसते, सगळ्यांचा मिळून एक लंगर असतो. संगणकातही तसंच. कागद छापणं, अक्षर पडद्यावर काढणं, फाईल उघडायची खिडकी दाखवणं ही कामं शंभर प्रोग्रामांना लागतात. प्रत्येकानं ती स्वतःपुरती लिहिली तर जागा वाया जाईल, आणि एक दोष शंभर ठिकाणी दुरुस्त करावा लागेल. म्हणून ती कामं सामाईक फाइलींत ठेवतात. प्रोग्रामला गरज पडली की तो त्या फाईलला हाक मारतो.

इथे एक बाब नीट लक्षात घ्या. डीएलएल स्वतःच्या पायावर चालत नाही. ज्या प्रोग्रामनं हाक मारली त्याच्या घरात ती शिरते आणि त्याच्या सगळ्या अधिकारांनी काम करते. प्रोग्रामला तुमचे कागद वाचता येत असतील, तर त्याच्या पोटात शिरलेल्या डीएलएललाही वाचता येतात. रस्त्यावरून उचललेली डीएलएल म्हणजे ओळखपत्र न पाहता लंगरात घेतलेला आचारी. त्यानं भाजीत काय घातलं ते जेवणाऱ्याला कळत नाही.

विंडोज ९५ आणि ९८ च्या काळात या सामाईक फाइलींनी फार छळलं. नवा प्रोग्राम बसवला की तो आपल्याकडची डीएलएल जुनीवर टाकायचा आणि दुसराच एखादा प्रोग्राम बंद पडायचा. या प्रकाराला तंत्रज्ञ 'डीएलएलचा नरक' म्हणत. त्यावर उपाय म्हणून विंडोज २००० मध्ये पहारा बसवला गेला. महत्त्वाच्या फाइलींच्या प्रती एका वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवलेल्या असत. कुणी मूळ फाईल परस्पर बदलली, तर पहारेकरी न बोलता जुनी प्रत जागेवर ठेवून द्यायचा. एक्सपीतही तोच पहारा होता. बुधवारी रात्री माझी लढाई या पहारेकऱ्याशी चालली होती. तो जिंकला, हे माझं नशीब. त्या सीडीवर नेमकं काय होतं ते मला आजही ठाऊक नाही.

गुरुवारी एका तरुण हवालदाराशी बोलणं झालं. मराठवाड्यातला, सिग्नल्सचा. त्यानं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "साहेब, फाईल हरवलेलीच नाही. तुम्ही तो भाग मागितलेला नाही."

त्या वाक्यात आजचा सगळा विषय आला. विंडोज हा एकसंध दगड नाही. त्यात काही भाग सर्वांसाठी असतात आणि काही ऐच्छिक, म्हणजे लागले तर घ्यायचे. फॅक्सची सेवा, वेब सर्व्हर, अगदी पत्त्यांचे खेळसुद्धा एक्सपीत ऐच्छिक होते. कंट्रोल पॅनेलमध्ये 'विंडोज कंपोनंट्स' अशी त्यांची यादी दिसायची. यादीत खूण केली की भाग यायचा, खूण काढली की जायचा.

ही देवघेव सांभाळायला एक खास डीएलएल होती, तिचं नाव ओसीमॅनेज. ओसी म्हणजे ऑप्शनल कंपोनंट, ऐच्छिक भाग. जुन्या वाड्यात किंवा गडावर कोठार सांभाळणारा कोठावळा असायचा, तशीच ही. तिच्या हाताशी सिसओसी नावाची साधी मजकुराची फाईल असायची. ती झाली कोठावळ्याची वही. वहीत दर भागाची एक ओळ : भागाचं नाव, त्या भागाची स्वतःची डीएलएल, आणि कोणत्या फाइली कुठे ठेवायच्या ते सांगणाऱ्या दुसऱ्या यादीचं नाव. काही ओळींत 'हाइड' असा शब्द असे. तो असला की तो भाग पडद्यावरच्या यादीत दिसत नसे. कोठारात माल आहे, पण फळ्यावर लिहिलेला नाही, असा प्रकार.

तुम्ही खूण केलीत की कोठावळा त्या भागाच्या डीएलएलला क्रमानं विचारायचा : तू आधीच बसलेला आहेस का? तुला डिस्कवर किती जागा लागेल? कोणत्या फाइली हलवायच्या? सगळ्यांची उत्तरं जमली की मग फाइली हलायच्या आणि शेवटी नोंद व्हायची. एका खुणेमागे एवढी विचारपूस असते. म्हणून एखादी फाईल सुटी आणून फोल्डरमध्ये टाकणं म्हणजे भाग बसवणं नव्हे. वहीत नोंद नाही, सोबतच्या फाइली नाहीत आणि ती चालू करायचा हुकूमही नाही.

मराठीची खूण या यादीत नव्हती. ती होती कंट्रोल पॅनेलच्या भाषा आणि प्रदेशाच्या खिडकीत, पण रीत हीच. तिथल्या चौकटीसमोरचं वाक्य मला पाठ आहे, कारण त्यात मराठीचं नावच नव्हतं. गुंतागुंतीच्या लिप्या आणि उजवीकडून लिहायच्या भाषांसाठी फाइली बसवा, असं काहीसं इंग्रजीत लिहिलेलं आणि कंसात थाईचा उल्लेख. आपली लिपी त्या गुंतागुंतीच्या लिप्यांत मोडते, हे वाचणाऱ्यानं ओळखायचं. खूण केली. दहा एमबी किंवा जास्त जागा लागेल, असा निरोप आला. मग विंडोजची मूळ सीडी मागितली गेली. सीडी घातली, संगणक बंद करून चालू केला.

चौकोनांच्या जागी अक्षरं उभी राहिली.

त्या दहा एमबीत काय आलं? देवनागरीचा 'मंगल' हा फॉन्ट आला, तो मुंबईच्या प्राध्यापक र. कृ. जोशी यांनी घडवलेला. मराठीचा कळफलक आला. आणि देवनागरीची मांडणी चालू झाली. ही मांडणी करणारी डीएलएल म्हणजे तीच यूएसपी१०. ती संगणकात आधीपासून बसून होती. 'कि' लिहिताना आपण आधी क टाइप करतो आणि मग वेलांटी, पण पडद्यावर वेलांटी क च्या आधी काढावी लागते. 'र्क' मध्ये र आधी येतो, पण त्याचा रफार पुढच्या अक्षराच्या डोक्यावर चढतो. क आणि ष यांचा 'क्ष' होतो. हा सगळा हिशेब ती डीएलएल करते. कामगार हजर होता, पण त्याच्या हाती ना फॉन्ट होता, ना कामाचा हुकूम. मी मात्र त्याच्या जागी बाजारातून आणलेला माणूस उभा करायला निघालो होतो.

नंतर व्हिस्टापासून देवनागरी विंडोजमध्ये मुळातच चालू होऊन आली. आज तुम्ही मराठी वाचता तेव्हा ही खूण कुणाला करावी लागत नाही.

पत्रात काय होतं ते शेवटी सांगतो. आधी हा कोठावळा पुढे कसा बदलला ते पाहू, म्हणजे आजच्या संगणकावर काय करायचं ते समजेल.

व्हिस्टापासून विंडोजनं कोठाराची रचनाच बदलली. आता विंडोज फोल्डरमध्ये 'विनएसएक्सएस' नावाचं मोठं कोठार असतं. प्रणालीचे भाग तिथे नोंदीसह राहतात. जो भाग चालू असतो त्याची फाईल सिस्टीम३२ मध्येही दिसते. ती बहुतेक वेळा वेगळी प्रत नसते, एकाच फाईलला लावलेलं दुसरं नाव असतं. त्यामुळे ते फोल्डर आहे त्याहून मोठं दिसतं. जागा मोकळी करायला कुणी ते हातानं पुसू नये. पुसलंत तर कोठारच रिकामं होईल.

या मांडणीत एका ऐच्छिक भागाच्या तीन अवस्था असतात. त्या समजावून सांगायला मला किल्ल्याचे दरवाजे सोयीचे वाटतात. मी राहत होतो त्या किल्ल्याला सहा दरवाजे. १७५६ मध्ये सिराजउद्दौल्यानं जुना फोर्ट विल्यम घेतला, त्यानंतर इंग्रजांनी १७५८ पासून हा नवा बांधायला घेतला. त्याच्याही आधी, १७४२ मध्ये, नागपूरकर भोसल्यांच्या फौजा बंगालवर चालून आल्या म्हणून कलकत्त्याभोवती खंदक खणला गेला होता. त्याचं नावच मराठा डिच. गंमत बघा, मराठ्यांच्या धाकानं जिथे खंदक खणला गेला, त्या शहरातल्या किल्ल्याला डिसेंबर २०२४ पासून आपल्या सिंधुदुर्गातल्या विजयदुर्गाचं नाव मिळालं आहे आणि त्याचं सेंट जॉर्ज गेट आता शिवाजी गेट झालं आहे.

दरवाजांविषयीचं शहाणपण मात्र आपल्याकडे त्याआधीच लिहून ठेवलेलं आहे. रामचंद्रपंत अमात्यांच्या 'आज्ञापत्रा'त दुर्गांचं प्रकरण आहे. त्याचा मथितार्थ असा की गडाला एकच दरवाजा असणं वाईट. दोन-तीन दरवाजे आणि चोरदिंड्या असाव्यात. पण रोजच्या राबत्याला लागतील तेवढ्याच चालू ठेवाव्यात आणि बाकीच्या चिणून टाकाव्यात.

विंडोजचंही असंच आहे. पहिली अवस्था, दरवाजा उघडा : भाग चालू आहे. दुसरी, दरवाजा बंद पण किल्ली कोठावळ्याकडे : भाग बंद आहे, पण त्याच्या फाइली कोठारात आहेत, खूण केली की इंटरनेटशिवायही चालू होईल. तिसरी, दरवाजा चिणलेला : भागाची यादीत नोंद आहे, पण फाइली कोठारात नाहीत. त्या बाहेरून, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या सर्व्हरवरून किंवा विंडोजच्या मूळ डिस्कवरून आणाव्या लागतात. ही तिसरी सोय विंडोज ८ पासून आली.

तिसऱ्या अवस्थेचं सगळ्यात ओळखीचं उदाहरण म्हणजे डॉटनेट ३.५. हिशेबाचे, दवाखान्याचे, शाळेचे अनेक जुने प्रोग्राम त्याच्यावर चालतात. विंडोज १० मध्ये तो चिणलेल्या अवस्थेत येतो. जुना प्रोग्राम उघडलात की विंडोज विचारतं, हा भाग उतरवू का? हो म्हणा. इंटरनेट नसेल तर विंडोजच्या मूळ डिस्कवर 'सोर्सेस' फोल्डरमध्ये 'एसएक्सएस' नावाचं फोल्डर असतं, तिथून तो बसवता येतो. या कामाची आज्ञा 'डिझम' नावाच्या प्रोग्रामला द्यायची. तो आजचा कोठावळ्याचा कारकून. डिस्क मात्र तुमच्या विंडोजच्याच आवृत्तीची हवी.

आता चिणायला हवा होता आणि चिणला गेला नाही, अशा दरवाजाची गोष्ट. एका संगणकावरची फाईल नेटवर्कमधून दुसऱ्यावर उघडायची जुनी पद्धत आहे, एसएमबी१. तिच्यातलं भगदाड बुजवणारी दुरुस्ती मायक्रोसॉफ्टनं मार्च २०१७ मध्ये दिली. १२ मे २०१७ ला 'वॉनाक्राय' हा खंडणीखोर प्रोग्राम त्याच भगदाडातून सुटला. ज्यांनी दुरुस्ती बसवली नव्हती त्यांच्या फाइली कुलूपबंद झाल्या. ब्रिटनच्या सरकारी आरोग्यसेवेतल्या अनेक रुग्णालयांना रुग्ण परत पाठवावे लागले. अनेक ठिकाणी तो जुना दरवाजा कुणी वापरतही नव्हतं. पण तो उघडा होता, कारण बंद करायला कुणी सांगितलं नव्हतं. त्याच वर्षीच्या शेवटाकडच्या आवृत्तीपासून नव्यानं बसवलेल्या विंडोज १० मध्ये एसएमबी१ चा मोठा भाग मुळातच बंद आला. घरगुती आवृत्तीत थोडा चालू ठेवला होता, पण तो १५ दिवस वापरला गेला नाही तर विंडोजच तो काढून टाकतं.

म्हणजे ऐच्छिक भागाची बाब दोन्ही बाजूंनी आहे. हवा तो भाग मिळाला नाही तर काम अडतं. नको तो भाग उघडा राहिला तर शत्रू आत येतो. दोन्हीकडे वही कोठावळ्याच्या हातात हवी.

तर मंडळी, आता तुमचा प्रश्न. 'डीएलएल सापडत नाही' असा निरोप आला तर क्रमानं हे करा.

एक. फाईलचं नाव कागदावर जसंच्या तसं लिहून घ्या आणि कोणता प्रोग्राम उघडताना निरोप आला तेही लिहा. ती फाईल कोणत्या कोठारातली आहे हे नावावरून कळतं. 'एमएसव्हीसीपी१४०' किंवा 'व्हीसीरनटाइम१४०' असेल तर ती विंडोजच्या ऐच्छिक भागांतली नाही. व्हिज्युअल सी प्लस प्लसचा सामाईक संच मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून फुकट मिळतो, तो पूर्ण बसवा.

दोन. डीएलएल त्या प्रोग्रामचीच असेल तर तो प्रोग्राम काढून मूळ ठिकाणाहून नव्यानं बसवा. अँटिव्हायरसनं फाईल अडकवून ठेवलीय का, तेही पाहा. अडकवली असेल तर लगेच सोडवू नका, आधी का अडकवली ते वाचा.

तीन. विंडोजचा भाग असेल तर स्टार्टमध्ये 'विंडोज फीचर्स' शोधा. 'टर्न विंडोज फीचर्स ऑन ऑर ऑफ' ही खिडकी उघडेल. हवा त्या भागावर खूण करा. भाषांचे आणि इतर काही भाग सेटिंग्जमधल्या 'ऑप्शनल फीचर्स'मध्ये मिळतील. त्या खिडकीत एखाद्या चौकटीत पूर्ण खुणेऐवजी भरीव चौकोन दिसला, तर त्या भागाचे काहीच पोटभाग चालू आहेत असं समजा.

चार. विंडोजचीच फाईल बिघडल्याची शंका असेल तर घरातल्या जाणत्याकडून आधी डिझमनं कोठार दुरुस्त करून घ्या, मग 'एसएफसी' ही तपासणी चालवा. क्रम हाच ठेवा. एसएफसी कोठारातली प्रत आणून जागेवर ठेवतो. कोठारातलीच प्रत नासलेली असेल तर तो कुठून आणणार?

पाच. ती खिडकी उघडलीच आहे तर एसएमबी१ वर नजर टाका. खूण असेल आणि घरात त्याच्यावर चालणारं जुनं यंत्र नसेल, तर खूण काढा. बाकीच्या ज्या नावांचा अर्थ माहीत नाही, त्यांना हात लावू नका.

आणि सुटी डीएलएल देणाऱ्या संकेतस्थळावर जायचंच नाही.

आता ते पत्र. गुरुवारी रात्री मी ते वाचलं. वडिलांनी लिहिलं होतं की मंगळवारी साताऱ्याला मोतीबिंदूचं ऑपरेशन आहे. रजा काढू नकोस, पण सोमवारी रात्री एक फोन कर. आमच्या घरी आजारपणाचं फोनवर आपणहून बोलायची रीत नव्हती, म्हणून पत्र. सोमवार होऊन तीन दिवस झाले होते.

मी लगेच फोन केला. डोळ्याला पट्टी होती, पण आवाज ठणठणीत. मी चौकोनांची, खुणेची, सीडीची सगळी हकिकत सांगितली. त्यांनी शांतपणे ऐकून घेतली आणि म्हणाले, "एवढं सगळं करण्यापेक्षा पोराला विचारलं असतंस तर?"

पुढच्या भागात भेटू. तोवर कुठे अडलात तर विचारा. विचारण्यात कमीपणा नाही.